चित्रफितीची पाठचिकित्सा
दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) आज अखंड उपलब्ध नाही. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जतन केलेले, त्याचे म्हणून ओळखले जाणारे अंश १९१७ च्या पुनर्निर्मितीचे आहेत, असे काही अभ्यासकांचे प्रतिपादन आहे. ते ग्राह्य धरल्यास या अंशांवरून १९१३ च्या चित्रभाषेविषयी काढलेले निष्कर्ष डळमळतात. तरीही अनुबोधपटांतून हीच दृश्ये ‘पहिला भारतीय कथापट’ म्हणून निःशंकपणे उद्धृत होतात. हस्तलिखिताचे अवतरण देताना संशोधक पाठभेद नोंदवतो. चित्रफितीला ही शिस्त अद्याप लागू झालेली नाही. नायट्रेट फितीचा नाश रोखणे हे जतनाचे एक अंग. तिचे साल, प्रत व खंडितता यांची नोंद राखणे हे दुसरे. पुनर्वापर करणाऱ्याने ती नोंद दृश्यासोबतच पडद्यावर दिली पाहिजे.