अनंत माने : संकलकाची दृष्टी आणि तमाशापट

मराठी चित्रपटाच्या इतिहासलेखनात अनंत माने (१९१५-१९९५) यांची नोंद ‘तमाशापटांचे दिग्दर्शक’ एवढ्यावरच आटोपली जाते. ही नोंद अपुरी, किंबहुना काहीशी अन्यायकारक आहे. कोल्हापूरच्या या कलावंताची जडणघडण ‘प्रभात’च्या संकलन विभागात झाली, ही बाब त्यांच्या चित्रपटांची मीमांसा करताना क्वचितच विचारात घेतली जाते.

‘सांगत्ये ऐका’ (१९५९) पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात १३१ आठवडे चालला. याचे श्रेय सहसा लावण्यांना, वसंत पवारांच्या संगीताला आणि जयश्री गडकरांच्या नृत्याला दिले जाते. ते गैर नाही. परंतु अखेरच्या भागात आपल्या कुटुंबावर पाटलाने केलेला अत्याचार नायिका तमाशाच्या बोर्डावरूनच चव्हाट्यावर मांडते. तेथे गाणे कथानकाला थांबवीत नाही. तमाशाचा बोर्ड हेच न्यायासन होते. कथा कोठे तोडावी आणि गाणे कोठे जोडावे, याचे हे भान संकलनाच्या टेबलावरचे आहे, असे प्रस्तुत लेखकास वाटते. (व्यंकटेश माडगूळकरांच्या लेखणीचा वाटा अर्थातच मोठा.)

‘केला इशारा जाता जाता’नंतर (१९६५) मात्र हा साचा रूढ झाला आणि अनुकरणकर्त्यांनी त्यातील लावणी उचलली, जोडकाम नाही.

‘पिंजरा’ची (१९७२) कथाही माने यांचीच. ‘द ब्लू एंजल’ या १९३० च्या जर्मन चित्रपटाशी तिचे नाते सर्वश्रुत आहे. तेथील क्लबच्या जागी येथे तमाशाचा फड आला. चर्चा मात्र शांतारामांचीच होते.