उरलेले घर : कनफानी यांची 'आइद इला हैफा'

विस्थापनाच्या साहित्यात घर बहुधा नष्ट झालेले असते. विश्वास पाटील यांच्या 'झाडाझडती'मधील (१९९१) धरणग्रस्तांचे गाव पाण्याखाली जाते. परतीचा प्रश्नच तेथे निकाली निघतो आणि उरतो तो पुनर्वसनाचा झगडा. घसान कनफानी (१९३६–१९७२) यांच्या 'आइद इला हैफा' (१९६९) या अरबी लघुकादंबरीतील पेच नेमका उलट आहे. येथे घर उभे आहे, आणि तेच असह्य आहे.

एप्रिल १९४८मध्ये हैफा सोडावे लागलेले सईद व सफिया हे पॅलेस्टिनी दांपत्य जून १९६७च्या युद्धानंतर आपल्या घराच्या दाराशी येते. दार उघडते ती मिरियम, पोलंडमधून आलेली, आपले वडील औश्वित्झमध्ये गमावलेली. मोरपिसे सात होती. आता पाच आहेत. सईद ती मोजतो. दावा साऱ्या वास्तूवर, आणि हाती लागते ती दोन पिसांची तूट! स्मरणरंजनाला विशेषणांच्या राशीने जे साधत नाही, ते कनफानी एका आकड्याने साधतात.

पळापळीत मागे राहिलेला तान्हा खल्दून मात्र आता इस्रायली लष्कराच्या गणवेशातील दोव्ह आहे. पितापुत्रांचा संवाद हे या कृतीचे गाजलेले स्थळ. कलादृष्ट्या मात्र तेच सर्वांत कच्चे. पात्रे तेथे माणसे न राहता पक्ष होतात. सफियाला तर (मुलासाठी गर्दीतून उलट धावलेली तीच) लेखक जवळजवळ मुकी करून टाकतो. युक्तिवाद पुरुषांचा आणि अश्रू स्त्रीचे, ही वाटणी आपल्याकडेही अपरिचित नाही.

याउलट फारिस अल्-लुब्दाचे उपकथानक. याफातील त्याच्या जुन्या घरात, लढ्यात मारल्या गेलेल्या भावाची तसबीर अजून भिंतीवर असते. तेथे राहणाऱ्या अरब भाडेकरूने ती वीस वर्षे जपलेली असते. फारिस ती मागून घेतो आणि पुन्हा आणून देतो. जन्माचा हक्क वेगळा, सांभाळण्याचा वेगळा, हे दोव्ह ज्या गोष्टीसाठी भांडतो ते येथे नुसत्या कृतीतून येते. तर्क एकच आहे. तसबिरीबाबत तो वाचकाला पटतो, मुलाबाबत टोचतो. ही विषमता कनफानी मिटवीत नाहीत. परतताना सईदच्या मनात घर नसतेच. धाकट्या खालिदला त्याने फिदाईनांत जाण्यापासून अडवलेले असते. आपल्या गैरहजेरीत तो निघून गेला असावा, एवढीच आता त्याची आशा असते.