उत्क्रांतीचे गणित आणि मांजरेचे पाणी

संगणकाच्या जगात ‘लायब्ररी’ म्हणजे पुस्तकांची कपाटे नव्हेत. दुसऱ्यांनी लिहून ठेवलेल्या आज्ञावल्यांचा संच म्हणजे लायब्ररी. आपण नाव घेऊन हाक मारायची, काम तो संच करतो. उत्क्रांतीच्या पद्धतीने उत्तरे शोधणारे आणि आकड्यांवरून प्रारूप बांधणारे असे अनेक संच आज फुकट मिळतात. यांतला चांगला कोणता, असे शिक्षक विचारतात. पण कामाशिवाय हत्याराची परीक्षा होत नाही. म्हणून आम्ही बीड जिल्ह्यातला केज तालुका डोळ्यांपुढे ठेवला आहे. तिथे दोन प्रश्न दरवर्षी उभे राहतात : यंदा पाऊस किती, आणि धनेगावच्या मांजरा धरणातले पाणी कुणाला किती.

आधी पद्धत थोडक्यात पाहू. जॉन हॉलंड यांनी १९७५ साली आपल्या ग्रंथात ती सविस्तर मांडली. एक उत्तर म्हणजे आकड्यांची एक माळ. धरणाच्या बाबतीत, बारा महिन्यांत सोडायच्या पाण्याचे बारा आकडे. अशा शंभर माळा वाटेल तशा लिहायच्या, प्रत्येकीला गुण द्यायचे, जास्त गुणांच्या माळांचा संकर करायचा, मधूनच एखादा आकडा सहज बदलायचा. हे शेकडो पिढ्या चालू ठेवायचे. चांगली कणसे बियाण्यासाठी बाजूला काढणाऱ्या शेतकऱ्याला यात नवीन असे काही वाटणार नाही. सगळी मेख ‘गुण द्यायचे’ या दोन शब्दांत आहे.

शिकवण्यासाठी पहिली पसंती ‘डीप’ला द्यावी लागेल. कॅनडातल्या लावाल विद्यापीठातल्या मंडळींनी पायथन भाषेत तो तयार केला आणि २०१२ साली त्यावर निबंध लिहिला. उत्क्रांतीचे अल्गोरिदम आता सोपे झाले, असा दावा त्या निबंधाच्या शीर्षकातच आहे. दावा अर्धा खरा आहे. निवड, संकर आणि उत्परिवर्तन हे तिन्ही भाग इथे सुटे दिसतात. एक बदलून परिणाम पाहता येतो. वर्गासाठी हे फार मोलाचे. परंतु सोपे झाले ते लिहिणे. संकराची शक्यता ०.५ आणि उत्परिवर्तनाची ०.२ हे आकडे सुरुवातीच्या उदाहरणात आहेत म्हणून तसेच उतरवले जातात. ते आपल्या प्रश्नाला का लागू पडावेत, हे कुणी विचारत नाही. शिवाय त्यातली सर्वांत साधी तयार आज्ञावली उत्तम माळेची नोंद वेगळ्या यादीत ठेवू शकते, पण ती माळ पुढच्या पिढीत परत घालत नाही. त्यामुळे एखाद्या पिढीत गुण घसरलेले दिसले, तर तो बिघाड समजू नये.

‘वेका’ अगदी वेगळ्या वळणाचा. न्यूझीलंडमधल्या वायकाटो विद्यापीठाने आपल्या संचाला तिथल्या न उडणाऱ्या पक्ष्याचे नाव दिले. यात लिहायचे काही नाही, कळ दाबायची. माहितीचे दहा भाग करून नऊ भागांवर शिकायचे आणि दहाव्यावर परीक्षा घ्यायची, ही सोय त्यात आपोआप होते. झाडांची पाने ओळखण्यासाठी ती उत्तम. पावसासाठी मात्र घातक, कारण भाग करताना वर्षांची सरमिसळ होते. २०१५ आणि २०१६ चा पाऊस पाहून २०१४ चा ‘अंदाज’ सांगितला जातो. प्रत्यक्ष अंदाज सांगणाऱ्याच्या हाती पुढची वर्षे नसतात. मागची वर्षे शिकायला आणि पुढची परीक्षेला, असे भाग आपणच पाडावे लागतात. वेकाचा पडदा याची आठवण करून देत नाही, ही आमची तक्रार आहे.

ही केवळ तांत्रिक किरकिर नव्हे. डॉ. वसंत गोवारीकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांचे सोळा घटकांचे प्रारूप हवामान खात्याने १९८८ पासून मान्सूनच्या अंदाजासाठी वापरले. ते उत्क्रांती-गणनाचे नव्हते, पण आकड्यांवर प्रारूप बसवण्याचे आपल्याकडचे सर्वांत गाजलेले उदाहरण तेच. त्यात प्रत्येक घटकाला एक गुणक आणि एक घातांक होता, म्हणजे फक्त घटकांसाठीच ३२ आकडे ठरवायचे. आणि हाताशी नोंदी काही दशकांच्या. बरीच वर्षे अंदाज ठीक उतरले. मात्र १९८८ ते २००१ या काळात देशव्यापी दुष्काळाचे एकही वर्ष आले नव्हते, हेही लक्षात घ्यायला हवे. २००२ साली सरासरीच्या १०१ टक्के पावसाचा अंदाज होता, पडला ८१ टक्के. पुढच्याच वर्षी खात्याने आठ आणि दहा घटकांची नवी प्रारूपे आणली. गोवारीकरांनी देशातली माणसे आणि नोंदी घेऊन हे काम उभे केले, याचे मोल त्याने कमी होत नाही. पण घटक वाढवले की मागचे सगळे जुळते आणि पुढचे निसटते, हा धोका उत्क्रांतीच्या संचांत कितीतरी वाढतो. हे संच हजारो सूत्रे करून पाहतात. त्यांतले एखादे योगायोगाने जुळणारच.

हे संगणकाशिवाय वर्गात दाखवता येते. केजच्या पर्जन्यमापकाच्या पंधरा वर्षांच्या नोंदी घ्या आणि प्रत्येक वर्ष सरासरीपेक्षा जास्त की कमी एवढेच लिहा. साठ विद्यार्थ्यांनी प्रत्येकी पंधरा वेळा नाणे उडवावे : छापा म्हणजे जास्त, काटा म्हणजे कमी. गुण फक्त पहिल्या दहा वर्षांवर द्या. दहापैकी आठ किंवा अधिक बरोबर येण्याची शक्यता १०२४ मध्ये ५६, तेव्हा साठांत असे तिघे-चौघे निघतातच. त्यांच्या माळा मधोमध तोडून एकमेकींना जोडा आणि पुन्हा निवडा. थोड्याच पिढ्यांत दहापैकी दहा जुळवणारा ‘ज्योतिषी’ तयार होतो. मग झाकून ठेवलेली शेवटची पाच वर्षे उघडा. त्याची दोन-तीनच बरोबर निघण्याची शक्यता सर्वांत जास्त.

या बाबतीत ‘पायएसआर’ हा सूत्रे शोधणारा संच आम्हाला जास्त प्रामाणिक वाटतो. तो एकच विजेता पुढे करत नाही. सूत्र किती गुंतागुंतीचे आणि चूक किती, यांचा तक्ता देतो. सूत्र लांबत गेले आणि चूक जेमतेम कमी झाली, तर कुठे थांबायचे ते विद्यार्थ्यालाही दिसते. मांडणीसाठी ज्युलिया ही दुसरी भाषा लागते, हा त्याचा तोटा.

आता धरण. मांजरा प्रकल्पाची क्षमता सुमारे २२४ दलघमी, त्यात सुमारे ४७ मृतसाठा. लातूर, अंबाजोगाई आणि केज ही गावे या पाण्यावर अवलंबून, आणि लाभक्षेत्रात ऊस. २०१६ साली धरण कोरडे पडले आणि एप्रिलमध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी आणावे लागले. पहिल्या गाडीत ५ लाख लिटर होते. अशा धरणाचे वाटप संगणकाला सांगायचे, तर गुण कसे देणार? तूट जितकी कमी तितके गुण जास्त, आणि तूट मोजायची तिच्या वर्गाने, हे नेहमीचे सूत्र. आम्ही सोपे काल्पनिक आकडे घेतो. पिण्यासाठी हवे २०, शेतीसाठी १००, आणि एकूण तूट ३०. दोन्ही तुटींच्या वर्गांची बेरीज सर्वांत कमी केव्हा? दोघांना १५-१५ तूट दिली की. म्हणजे शेतीला ८५ आणि पिण्याला फक्त ५! आता प्रत्येक तूट ज्याच्या-त्याच्या गरजेने भागून मग वर्ग करा. पिण्याची तूट १.१५ वर येते आणि शेतीची २८.८५ वर जाते. तेच पाणी, तोच संच, तीच पद्धत. एका भागाकाराने माणसांच्या तोंडचे पाणी गेले किंवा राहिले. यात कुठेही संगणक चुकलेला नाही, आणि कुठलाही संच इशारा देत नाही.

इथे ‘पायमू’ उपयोगी पडतो. आयआयटी कानपूरमध्ये असताना कल्याणमय देब आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी २००२ साली प्रसिद्ध केलेली ‘एनएसजीए-२’ ही पद्धत जगभर वापरली जाते. ज्युलियन ब्लँक आणि देब यांचा पायमू तिच्यासह अनेक पद्धती देतो. दोन उद्दिष्टांची एका आकड्यात गोळाबेरीज न करता तो तडजोडींची रांगच समोर ठेवतो : इथे पिण्याला इतके, शेतीला इतके. पिण्याचे पाणी किमान इतके हवेच, अशी अटही घालता येते. राज्याच्या जलधोरणात पिण्याच्या पाण्याला पहिला क्रम आहे. तो वजनाच्या आकड्यात लपवण्यापेक्षा अट म्हणून उघड लिहावा, असे आमचे मत आहे. रांगेतली कोणती तडजोड घ्यायची हे संच सांगत नाही, आणि तो त्याचा गुणच आहे. पण कालव्याबाहेरची विहीर किंवा गावी परतणारे ऊसतोड मजुराचे कुटुंब उद्दिष्टांत लिहिलेच नसेल, तर रांग कितीही लांब असो, ते तिच्यात येणार नाही.

तेव्हा बारावीपर्यंत नाण्याचा प्रयोग आणि वरचे ३० तुटीचे गणित पुरे. पदवीच्या वर्गात डीप, मग पायमू. वेका वापरावा, पण पावसासाठी वर्षे क्रमाने लावूनच. या संचांची मूळ माहितीपुस्तके इंग्रजीत आहेत, आणि ग्रामीण वर्गात खरी अडचण तिथेच येते. मात्र पायथन ३ मध्ये चलांना ‘पाऊस’, ‘तूट’ अशी देवनागरी नावे देता येतात. आज्ञावलीत थेट लिहायचे आकडे इंग्रजी लागतात, पण विद्यार्थ्याने मराठी अंकांत भरलेली पूर्ण संख्या ‘इंट’ ही आज्ञा बिनतक्रार वाचते.