'नारायणगड' म्हणजे नेमका कुठला? प्रबंधातल्या 'अभ्यासक्षेत्र' प्रकरणावर थोडी टीका



आजचा लेख जरा टीकेचा आहे. ही टीका कुणा एका संशोधकावर नाही, ती प्रबंधातल्या एका प्रकरणावर आहे. 'अभ्यासक्षेत्राचा परिचय' हे प्रकरण आपण सगळेच लिहितो, बहुतेक वेळा शेवटच्या आठवड्यात, आणि बरेचदा आधीच्या कुणाच्या तरी प्रबंधाची चौकट समोर ठेवून. त्यात गावाचं नाव येतं, नावाचा अर्थ सांगणारं एक वाक्य येतं, अक्षांश-रेखांश येतात, नकाशावर लाल ठिपका येतो आणि आपण पुढच्या प्रकरणाला लागतो. माझं म्हणणं असं की सर्वात कमी विचार आपण याच चार ओळींवर करतो, आणि पुढचा सगळा डेटा मात्र त्यांच्यावरच उभा असतो.

उदाहरण घेते बीड जिल्ह्यातल्या नारायणगडाचं, कारण मी स्वतः तिथेच आपटले.

माझी चूक

भूजल आणि पाऊस या विषयावर काम करताना मला बीड जिल्ह्यातल्या काही ठिकाणांचे कोऑर्डिनेट्स हवे होते. नावांची यादी केली, एका मोफत जिओकोडिंग सेवेत टाकली आणि मिळालेल्या बिंदूंवरून पावसाचे आकडे काढले. नारायणगडापुढे आलेला आकडा अगदी बरा दिसत होता, म्हणून शंका आली नाही. दोन महिन्यांनी नकाशा काढला तेव्हा बाकीचे सगळे ठिपके बीडमध्ये आणि एकच लांब पश्चिमेला, पुणे जिल्ह्यात! तो होता जुन्नर तालुक्यातला नारायणगड, म्हणजे नारायणगावजवळचा किल्ला.

चूक लक्षात का आली नाही, हे समजून घ्या. दोन्ही ठिकाणं १९ अंश उत्तर अक्षांशाच्या आसपास आहेत, त्यामुळे तक्त्यात अक्षांश वेगळा वाटला नाही. दोन्ही सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत येतात, म्हणून पावसाचा आकडा विचित्र दिसला नाही. दोन्हीकडे खडक दख्खनच्या बेसाल्टचाच. फरक होता तो खोऱ्याचा. जुन्नरकडचं पाणी कुकडी, घोड, भीमा असं करत कृष्णेला जातं. बीडच्या नारायणगडाकडचं पाणी सिंदफणेमार्गे गोदावरीला. म्हणजे भूजलाच्या अभ्यासात मी एक बिंदू थेट दुसऱ्या नदीखोऱ्यात नेऊन ठेवला होता. चुकीचा आकडा विचित्र दिसला तर बरं, निदान तो पकडता येतो. बरा दिसणारा चुकीचा आकडा थेट छापला जातो.

एक नाव, किती ठिकाणं?

'नारायणगड' नाव धारण करणारी ठिकाणं बघू. बीड जिल्ह्यातलं श्रीक्षेत्र नारायणगड, जे 'धाकटी पंढरी' म्हणून ओळखलं जातं. जुन्नर तालुक्यातला किल्ला. त्याच्याच परिसरात खोडदला जीएमआरटी ही महाकाय रेडिओ दुर्बीण आहे, ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेनांची, त्यामुळे विज्ञानाच्या विद्यार्थ्यांना तो भाग माहीत असतो. शिवाय मध्य प्रदेशात मंदसौर जिल्ह्यात नारायणगढ़ आहे, हरियाणात अंबाला जिल्ह्यात नारायणगढ़ आहे, पश्चिम बंगालमध्ये पश्चिम मेदिनीपूर जिल्ह्यात आहे, आणि नेपाळमध्ये चितवनला नारायणी नदीकाठी नारायणगढ आहे, ज्याला लोक नारायणघाटही म्हणतात.

यात लिपीची गंमत बघा. मराठीत आपण 'गड' लिहितो, हिंदीत 'गढ़'. भारतात नकाशांसाठी वापरल्या जाणाऱ्या हंटेरियन लिप्यंतर पद्धतीत हिंदीचा 'ढ़' रोमन लिपीत 'आर-एच' होतो, मराठीचा 'ड' मात्र 'डी'. म्हणून आपला रायगड आणि छत्तीसगडमधला रायगढ़ रोमन अक्षरांत वेगळे ओळखू येतात. पण हा भेद फक्त राज्यांच्या सीमेपर्यंत कामाचा. बीडचा आणि जुन्नरचा नारायणगड कुठल्याही लिपीत लिहा, अक्षरन् अक्षर सारखाच.

उलट बाजूही आहे: एक ठिकाण, अनेक नावं. जुन्या इंग्रजी गॅझेटियरमध्ये बीड शोधाल तर सापडणार नाही, तिथे ते 'भीर' आहे. निजाम काळातल्या कागदांत अंबाजोगाई 'मोमिनाबाद' आहे. २०२३ नंतर बीड ज्या महसूल विभागात आहे त्याचं नाव छत्रपती संभाजीनगर आहे, आणि शेजारचा अहमदनगर जिल्हा २०२४ पासून अहिल्यानगर. वीस वर्षांची आकडेवारी जोडायला बसलात आणि 'नाव' हीच चावी धरलीत, तर अर्ध्या ओळी जुळणारच नाहीत.

कोशातला गड आणि बीडमधला गड

आता दुसरी टीका, नावाच्या अर्थाची. प्रबंधात हमखास वाक्य असतं: 'नारायण म्हणजे विष्णू, गड म्हणजे किल्ला, यावरून या ठिकाणास नारायणगड असे नाव पडले.' वाक्य कोशाला धरून आहे. मोल्सवर्थच्या कोशापासून 'गड' म्हणजे डोंगरी किल्ला हाच अर्थ पहिला येतो. पण बीडच्या नारायणगडाला हे वाक्य दोन्ही बाजूंनी चुकीचं लागू होतं.

इथला 'नारायण' आधी नारायण महाराज आहेत, ज्यांच्या नावाने हे संस्थान ओळखलं जातं. आणि इथला 'गड' हा तट-बुरुजांचा किल्ला नाही. बीड आणि लगतच्या भागात 'गड' म्हणजे डोंगरावरचं वारकरी संस्थान: समाधी, मंदिर, महंत, दिंडी, सप्ताह आणि भोवतालच्या गावांतले भक्त, हे सगळं मिळून. नारायणगड, भगवानगड, गहिनीनाथगड ही नावं एका माळेतली आहेत. तिन्हींत आधी संताचं किंवा नाथाचं नाव आणि मग 'गड'. भगवानबाबा आधी नारायणगडावर होते, पुढे त्यांनी पाथर्डी तालुक्यात, ज्याला धौम्यगड म्हणत त्या ठिकाणी नवं संस्थान उभं केलं आणि तो भगवानगड झाला. म्हणजे एका गडातून दुसरा गड निघू शकतो. किल्ल्याचं असं होत नाही, परंपरेचं होतं.

नावाचा हा साचा आजही जिवंत आहे. भगवानगडावरच्या दसरा मेळाव्याचा वाद झाल्यानंतर २०१७ मध्ये मेळावा भगवानबाबांच्या जन्मगावी, सावरगाव घाटला, गेला आणि त्या जागेला नाव मिळालं 'भगवान भक्तीगड'. 'गड' हा शब्द इथे नवी जागा घडवायला वापरला गेला. हे कोश उघडून कळणार नाही.

आणखी एक अर्थ आहे, बातम्यांतला. 'अमुक तालुका हा तमुक नेत्याचा गड' म्हणजे बालेकिल्ला. १२ ऑक्टोबर २०२४ ला, दसऱ्याच्या दिवशी, मनोज जरांगे पाटील यांचा मेळावा नारायणगडावर झाला आणि त्याच दिवशी पंकजा मुंडे यांचा भगवान भक्तीगडावर. त्या आठवड्यातल्या बातम्या डोळ्यासमोर आणा. संस्थान या अर्थाचा गड, बालेकिल्ला या अर्थाचा गड आणि मेळाव्याचं मैदान या अर्थाचा गड, तिन्ही एकाच मजकुरात. तुम्ही जर वर्तमानपत्रांचा मजकूर संगणकाने मोजत असाल आणि 'गड' शब्द किती वेळा आला याचा आलेख काढत असाल, तर तो आलेख नक्की कशाचा आहे?

मग चुकतं कुठे?

मला वाटतं, आपण तीन वेगळे प्रश्न एका वाक्यात कोंबतो.

पहिला: नाव आलं कुठून? हा व्युत्पत्तीचा प्रश्न. त्याला जुने कागद, शिलालेख, परंपरेची नोंद लागते.

दुसरा: नाव बोट कशाकडे दाखवतं? हा निर्देशाचा प्रश्न. त्याला नकाशा, हद्द, सांकेतांक लागतो.

तिसरा: लोक त्या नावाने काय करतात? हा वापराचा प्रश्न. त्याला माणसांशी बोलावं लागतं.

जॉन स्टुअर्ट मिल यांनी १८४३ च्या तर्कशास्त्रावरच्या ग्रंथात डार्टमथ गावाचं उदाहरण दिलं होतं. नावाचा अर्थ 'डार्ट नदीचं मुख'. पण उद्या नदीने पात्र बदललं आणि मुख दुसरीकडे गेलं, तरी गावाचं नाव खोटं ठरणार नाही. विशेषनाम वस्तूकडे बोट दाखवतं, तिचं वर्णन करत नाही, असा त्यांचा मुद्दा. पहिला आणि दुसरा प्रश्न वेगळे का ठेवायचे, हे यापेक्षा सोपं करून मला सांगता येणार नाही.

पण मिल यांच्यावरच थांबलात तर तिसरा प्रश्न निसटतो. तर्काच्या दृष्टीने 'नारायणगड' हे नुसतं बोट असेल. बीडमधल्या माणसासाठी ते नुसतं बोट नाही. क्षेत्रभेटीत एका गावात, पाण्याच्या टाकीजवळ बसलेल्या एका आजोबांना मी सहज विचारलं, "बाबा, तुम्ही गडावर जाता का?" ते हसले. म्हणाले, "कोणत्या गडावर, ताई? ते आधी सांगा, मग मी सांगतो." शेजारचे दोघे गप्प झाले. मला तो रस्ता विचारण्यासारखा साधा प्रश्न वाटला होता. त्यांच्यासाठी तो 'तुम्ही कुठल्या बाजूचे' असा प्रश्न होता. त्या क्षणी श्रद्धा, समाज आणि राजकारण तिन्ही त्या एका शब्दात होते. तो प्रश्न मी प्रश्नावलीतून काढून टाकला. गरज असेल तर पूर्ण नाव घेऊन, एकट्याला, आणि कशासाठी विचारतोय ते सांगून विचारायचा. उत्तर देणाऱ्याला त्याच गावात राहायचं असतं, आपल्याला नाही.

सांकेतांक हे उत्तर आहे का?

वर्गात यावर ठरलेला सल्ला मिळतो: नावावर विसंबू नका, कोड वापरा. सल्ला योग्य आहे. २०११ च्या जनगणनेत प्रत्येक गावाला सहा अंकी कोड आहे, केंद्र सरकारच्या लोकल गव्हर्नमेंट डिरेक्टरीत स्वतंत्र कोड आहे. साधा पिनकोडसुद्धा मदत करतो: बीड शहराचा ४३१ ने सुरू होतो, नारायणगावचा ४१० ने. हे तीन आकडे पाहिले असते तर माझे दोन महिने वाचले असते.

पण कोड गावाला असतो, ग्रामपंचायतीला असतो. 'गडाला' कोड असेलच असं नाही. संस्थान एका गावाच्या शिवारात असू शकतं आणि त्याचं भक्तमंडळ शेकडो गावांत. तुम्ही शोधताय ती 'जागा' ठिपका आहे, हद्द आहे की नात्यांचं जाळं, हे कोड ठरवून देत नाही. ते तुमच्या संशोधन प्रश्नावर ठरतं. पावसासाठी ठिपका पुरतो. विहिरींसाठी पाणलोटाची हद्द लागते. दिंडीचा अभ्यास असेल तर वाटेवरची गावं लागतात.

गंमत म्हणजे लोकांनी यावर आपला उपाय कधीच काढलाय. शिरूर म्हटलं की घोटाळा होतो, म्हणून बीडमधलं शिरूर कासार, लातूरमधलं शिरूर अनंतपाळ, आणि पुणे जिल्ह्यातलं शिरूर म्हणजे घोडनदी. सावरगाव अनेक, म्हणून सावरगाव घाट. आपण मात्र तक्ता आटोपशीर दिसावा म्हणून नेमका तो दुसरा शब्द खोडतो. गावकऱ्यांनी जोडलेली ओळख आपण पुसतो आणि मग सॉफ्टवेअरला दोष देतो.

तर काय करायचं?

नावाच्या रकान्याशेजारी तालुका, जिल्हा, कोड आणि कोड कुठल्या वर्षाचा, असे चार रकाने ठेवा. कोऑर्डिनेट्स मिळाले की आकडे काढण्याआधी सगळे बिंदू नकाशावर टाका. जुनी नावं वेगळ्या तक्त्यात, वर्षासकट नोंदवा. नावाच्या अर्थाचं वाक्य लिहिण्याआधी स्वतःला विचारा, माझ्या प्रश्नाला त्याची गरज आहे का? नसेल तर ते वाक्य टाकू नका, प्रबंधाचं काही बिघडत नाही. आणि क्षेत्रात जाण्याआधी स्थानिक माणसाला विचारा की हा शब्द इथे उच्चारला की काय काय ऐकू जातं.

घरी एक प्रयोग करून बघा. तुमच्या गावाचं नाव घ्या. त्या नावाची आणखी किती गावं आहेत, गावाला आधी काय म्हणत, आणि ते नाव पंचायतीत, पारावर आणि निवडणुकीच्या काळात कसं वापरलं जातं, हे एका पानावर लिहा. ते पान झालं की तुमचं 'अभ्यासक्षेत्र' प्रकरण अर्धं लिहून झालेलं असेल, आणि या वेळी ते उसनं नसेल.

पुढच्या लेखात प्रश्नावलीतल्या 'व्यवसाय' या रकान्याबद्दल बोलू. ऊसतोडीला सहा महिने जाणारा माणूस तिथे काय लिहितो, यावर.