आर्चीची खुर्ची

नॉर्मन लिअर (1922–2023) यांनी वंशद्वेष, गर्भपात असे वर्ज्य विषय अमेरिकी टीव्हीवर आणले, असं त्यांच्याबद्दल नेहमी सांगतात. खोटं नाही, पण विषय तर बातम्यांतही होते. लिअरांनी केलं ते हे, की घरातलं भांडण हाच विनोदाचा कणा केला. एका ब्रिटिश मालिकेवरून, बड यॉर्किनच्या जोडीने त्यांनी ‘ऑल इन द फॅमिली’ उभी केली. एबीसीने तिचे दोन नमुना-भाग करवून घेऊन दोन्ही नाकारले. शेवटी जानेवारी 1971 मध्ये ती सीबीएसवर आली आणि पुढे सलग पाच हंगाम पहिल्या क्रमांकावर राहिली. क्वीन्समधलं एक घर, एक कोच, एक खुर्ची आणि समोर जिवंत प्रेक्षक; दिवाणखान्यातल्या नाटकांवर वाढलेल्या मराठी माणसाला ही मांडणी परकी वाटू नये. त्या खुर्चीतून आर्ची बंकर सगळ्या जगाला नावं ठेवतो. 1972 च्या एका भागात त्याच्या टॅक्सीत विसरलेली बॅग न्यायला सॅमी डेव्हिस ज्युनियर घरी येतो, आणि ती मानाची खुर्ची चक्क या कृष्णवर्णीय गायकाला मिळते. निघताना फोटो काढायचं ठरतं. ऐन क्षणी सॅमी आर्चीच्या गालाचा मुका घेतो. कुणी भाषण ठोकत नाही; आर्चीचा ताठलेला चेहरा पुरतो.

यावरचा जुना आक्षेप वजनदार आहे. विडमार आणि रोकीच या संशोधकांनी 1974 मध्ये दाखवून दिलं, की पूर्वग्रह बाळगणाऱ्या प्रेक्षकांना आर्चीचंच बोलणं जास्त पटत होतं. मग लिअरांनी द्वेषाला घरोघर लाडका काका मिळवून दिला का? काही अंशी, हो. कॅरल ओ'कॉनर यांनी आर्चीत इतका जीव ओतला, की त्याच्यावर राग धरणं अवघड व्हावं. पण आर्ची नुसतं बुजगावणं असता, तर मालिका प्रवचन झाली असती आणि तिच्याकडे आधीच मत बनवलेलेच फिरकले असते. जावई माइकही फुकटचं खाणारा, पोकळ बोलणारा आहे. त्याच्यावरही हसू येतं. भांडणाला दोन तोंडं आहेत म्हणूनच ते रंगतं. प्रेक्षकांची मतं बदलण्याचा ठेका विनोदाकडे कुणी दिला, हेही एकदा विचारायला हवं.

लिअरांचा खरा दोष मला त्यांच्याच ‘गुड टाइम्स’ या मालिकेत दिसतो. शिकागोच्या सरकारी वसाहतीतलं गरीब कृष्णवर्णीय कुटुंब, कष्टाळू आईबाप: भांडायला विषय भरपूर होते. पण थोरल्या मुलाच्या, जे.जे.च्या एका आरोळीला टाळ्या पडू लागल्या आणि लेखन तिच्यामागे धावलं. आईची भूमिका करणाऱ्या एस्थर रोल यांनी याबद्दल उघड नाराजी व्यक्त केली. बापाची भूमिका करणारे जॉन एमोस तक्रारी करत राहिले आणि 1976 मध्ये त्यांना काढलं गेलं. पात्र अपघातात मेल्याचं दाखवून मालिका पुढे चालू राहिली. बाप गेल्यावर त्या घरात जे.जे.ला अडवणारं, त्याच्याशी बरोबरीने भांडणारं कुणी उरलं नाही. आरोळी तेवढी उरली.