अक्षम्य शाप आणि क्षमाशील लेखिका

जे. के. रोलिंग यांच्या हॅरी पॉटरच्या सात कादंबऱ्या १९९७ ते २००७ या दहा वर्षांत प्रसिद्ध झाल्या. माझ्या हाती त्या आल्या माझ्या विद्यार्थ्यांकडून. मॅट्रिकपुढे न शिकलेल्या माझ्यासारख्याला शब्दकोश शेजारी ठेवूनच त्या वाचाव्या लागल्या. परंतु वाचताना माझे लक्ष उडत्या झाडूंपेक्षा एका रूक्ष गोष्टीकडे अधिक जात राहिले. ती म्हणजे त्या जादूच्या राज्यातील कायदा. शिक्षकाचा स्वभाव, दुसरे काय!

अद्भुत कथेत कायदा कशाला, असे कोणी विचारील. मला वाटते, शक्ती जेथे अफाट असते तेथेच मर्यादेचा प्रश्न खरा उभा राहतो. हवे ते करता येत असेल, तर काय करू नये हे ठरवावेच लागते. रोलिंगबाईंनी हे ओळखले आहे. त्यांच्या जादू मंत्रालयाने तीन शाप अक्षम्य ठरविले आहेत : दुसऱ्याची इच्छा ताब्यात घेणारा, असह्य यातना देणारा आणि प्राण घेणारा. यांतील एकाचाही प्रयोग माणसावर केला, तर अझ्काबानच्या तुरुंगात जन्मठेप. याखेरीज, शाळकरी वयाच्या मुलांनी शाळेबाहेर जादू करू नये असाही एक नियम आहे; तो १८७५ सालचा.

हा दुसरा नियम लेखिकेने फार मार्मिकपणे वापरला आहे. दुसऱ्या पुस्तकात जादू करतो घरातला एक आगंतुक सेवक, आणि ताकीद मिळते हॅरीला. तिसऱ्यात तो रागाच्या भरात मार्जबाईंना फुग्यासारखे फुगवितो. पण मंत्रीमहाशयांना त्या वेळी त्याच्या जिवाची काळजी असल्यामुळे ते हसून सोडून देतात. पाचव्यात तो डिमेंटरांपासून स्वतःचा व मावसभावाचा जीव वाचविण्यासाठी मंत्र म्हणतो, तर त्याला भरलेल्या न्यायसभेपुढे उभे केले जाते. जिवावर बेतले असता जादू करण्याची मुभा त्याच कायद्यात आहे, हे तेथे डंबलडोर यांना सांगावे लागते. शिवाय डिमेंटर ज्या बाईंनी धाडले, त्याच न्यायासनावर बसलेल्या! मुलगा एक, नियम एक आणि न्याय तीन. सत्तेच्या लहरीप्रमाणे कायदा कसा वाकतो हे मुलांना इतक्या सोप्या रीतीने सांगणारी दुसरी कथा माझ्या वाचनात नाही.

चौथ्या पुस्तकात लेखिका याहून खोल उतरते. मागच्या युद्धाच्या काळात क्राउच नावाच्या अधिकाऱ्याने आपल्या माणसांना, नुसत्या संशयितांवरसुद्धा, हेच अक्षम्य शाप वापरण्याची परवानगी दिली होती. सिरिअस ब्लॅक तर चौकशीवाचून तुरुंगात पडला. शत्रूशी लढता लढता राखणदारच शत्रूसारखा झाला, असा याचा अर्थ. आणि तो लेखिकेने निःसंदिग्धपणे मांडला आहे.

येथवर माझी तक्रार नाही. तक्रार आहे ती सातव्या पुस्तकाविषयी. शाळेतला दुष्ट शिक्षक अमायकस कॅरो हा मॅक्गोनागलबाईंच्या तोंडावर थुंकतो आणि लपून उभा असलेला हॅरी त्याच्यावर यातनेचा शाप सोडतो. कोणाचा जीव धोक्यात नव्हता. होता तो केवळ संताप. हा शाप मनापासून दुसऱ्याला वेदना द्यावीशी वाटल्याखेरीज लागत नाही, हे लेखिकेनेच पूर्वी सांगून ठेवले आहे. तो येथे लागतो. आणि बाई काय करतात? आधी दचकतात, मग त्याच्या शौर्याचे कौतुक करतात. कथा पुढे चालू लागते. क्राउचला जो जाब विचारला, तो नायकाला विचारला जात नाही.

हे मला टोचले, त्याला कारण आहे. शिक्षण हक्क कायदा १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. त्याच्या १७व्या कलमाने मुलांना मारण्यास बंदी केली. त्यानंतरच्याच वर्षी सातवीतला एक मुलगा आमच्या म्हाताऱ्या शिपाईमामांना वाटेल ते बोलला आणि मी त्याच्या कानशिलात लगावली. शिक्षकांच्या खोलीत शिरलो तर सहकारी म्हणाले, "बरे केलेत, गुरुजी!" त्या शब्दांनी मला फार बरे वाटले होते. मुलगा पुढे वर्षभर वर्गात होता. पण त्याने माझ्याकडे मान वर करून पाहिले नाही. मॅक्गोनागलबाईंचे कौतुक वाचताना तो मुलगा आठवला आणि पुस्तक मिटून ठेवावे लागले.

आपल्या महाभारतात हा प्रसंग निराळा हाताळला आहे. ब्रह्मशिर अस्त्र माणसांवर सोडू नये, अशी ताकीद द्रोणाचार्यांनी दिली होती. सौप्तिक पर्वात अश्वत्थामा ते सोडतो, आणि त्याला उत्तर म्हणून अर्जुनही. तेव्हा नारद आणि व्यास मध्ये उभे राहतात. अर्जुन लाडका नायक म्हणून त्याला मोकळीक मिळत नाही. त्याला अस्त्र परत घ्यावे लागते. अश्वत्थाम्याला ते परत घेता येत नाही आणि त्याचा घाव उत्तरेच्या गर्भावर जातो. दोघांतील अंतर कवीने अस्त्र सोडण्यात दाखविले नाही, आवरण्यात दाखविले आहे.

तरीही रोलिंगबाईंच्या पदरात एक पुण्य टाकले पाहिजे. त्याच सातव्या पुस्तकात कॅरोच्या वर्गात शिक्षा झालेल्या मुलांवर यातनेचा शाप चालवून दाखविण्याचा हुकूम होतो. शाळेत आता तोच कायदा! नेव्हिल लाँगबॉटम हा एके काळचा भित्रा मुलगा त्याला नकार देतो आणि स्वतः मार खातो. याच शापाने त्याच्या आईवडिलांची शुद्ध कायमची हरपलेली आहे. सूडाचा सर्वांत मोठा हक्क त्याचा. पण त्याचा हात उठत नाही.

मंत्रालयाचा कायदा कागदावर राहिला, नायकानेही तो मोडला, पण या मुलाने तो पाळला. लेखिकेने हॅरीला जाब विचारला नाही, हे खरेच. मात्र उत्तर तिने लिहून ठेवले आहे, आणि ते नेव्हिलच्या न उठलेल्या हातात आहे. आता वर्गात ही पुस्तके कोणी मागितली, तर मी प्रथम नेव्हिलची गोष्ट सांगतो. आणि त्यानंतर माझीही.