‘घरच्या भांडणात पोलिसांचं काय काम?’



मागच्या वेळी प्रश्नोत्तरांत एक वाक्य तीन-चार जणांनी म्हटलं : ‘घरच्या भांडणात पोलिसांचं काय काम?’ आज आम्ही ते वाक्यच तपासायला घेतलं आहे. ऐकायला ते समंजस वाटतं, पण त्याच्या पोटात दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

एक अशी, की मार खाल्लेली सून चौकीत जाते आणि तिला सांगितलं जातं, ‘बाई, घरगुती मामला आहे, मिटवून घ्या.’ दुसरी अशी, की तक्रार आली म्हणून म्हातारे सासू-सासरे, परगावचा दीर, सगळ्यांना उचलून आणलं जातं. पहिल्या घरी पोलिसांनी जायलाच हवं होतं. दुसऱ्या घरी विचार करून जायला हवं होतं. या दोन्हींना एकच वाक्य लावलं की घोटाळा होतो.

घर म्हणजे खाजगी जागा, तिथं सत्तेनं येऊ नये, हे स्वातंत्र्याच्या नावानं सांगतात. पण स्वातंत्र्याचा मोठा कैवारी मिल, त्यानंही १८५९ साली ‘ऑन लिबर्टी’त नवऱ्याच्या बायकोवरच्या जवळजवळ निरंकुश सत्तेला स्वातंत्र्य मानलं नाही. मिल लांबचा वाटत असेल तर आपल्या कोल्हापूरकडं बघा. शाहू महाराजांनी १९१९ मध्ये स्त्रियांना घरात क्रूरपणे वागवण्याला प्रतिबंध करणारा कायदा केला. भारतीय दंड संहितेत ४९८-अ कलम आलं १९८३ मध्ये. म्हणजे आज आपण मंगळवार पेठेत बसून जो वाद घालतोय, त्याचं निम्मं उत्तर या गावानं ६४ वर्षं आधीच दिलं होतं.

उरलेलं निम्मं म्हणजे पोलिसांना आवरायचं कसं? २०१४ च्या अर्नेश कुमार निकालात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की गुन्हा नोंदला म्हणून आपोआप अटक नाही. अटक का गरजेची, याची कारणं पोलिसांनी लिहायची आणि दंडाधिकाऱ्यानं ती तपासायची. गरज नसेल तर हजर राहण्याची नोटीस द्यायची. आता हेच भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५ मध्ये आहे. आमच्या मते खरं संरक्षण हे आहे. कारण ते प्रत्येक घर वेगळं बघायला लावतं.

म्हणूनच पुढच्या पावलावर आमची हरकत आहे. २०१७ मध्ये न्यायालयानं अशा तक्रारी आधी कुटुंब कल्याण समितीकडं पाठवायला सांगितलं. २०१८ मध्ये स्वतःच त्या समित्या रद्द ठरवल्या. आणि जुलै २०२५ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाची सूत्रं मान्य करताना समित्या परत आणल्या, वर दोन महिने अटक नाही, अशी सोयही ठेवली. आता सांगा, हे दोन महिने ती बाई राहणार कुठं? भांडण निवायला वेळ द्यावा, हे बरोबर. पण सरसकट थांबा आणि सरसकट अटक, दोन्हींत चूक एकच : समोरचं माणूस न बघणं.

तेव्हा प्रश्न बदलून विचारा. ‘पोलिसांचं काय काम?’ असं नको. ‘ते आले तर कोणतं कारण लिहून आले, आणि आले नाहीत तर कोणतं कारण लिहून आले नाहीत?’ हे विचारा. या दुसऱ्या कारणाचा हिशेब आपण अजून मागत नाही. तो मागायला हवा.